भिंतीवर नंबर नसलेल्या घरांचा ताप

काचपट्टी | रविवार, सकाळी १०:०५

मंडळी, लिखाण लांबलंय, पण पूर्ण वाचा ही विनंती.

भीमेकाठच्या एका प्राथमिक आरोग्य केंद्रात मी ३१ वर्षं रक्ताच्या काचा तपासल्या. निवृत्तीला तीन वर्षं झाली. माझी भाची प्राणिशास्त्रात एमएस्सी करतेय, तिनं प्रकल्पाला ग्रामीण भागातला हिवताप घेतलाय. "आत्या, सोलापूर जिल्ह्यात मी नेमकं काय मोजू?" असं तिनं विचारलं आणि मी तासभर डासांबद्दल, पाण्याबद्दल, काचांबद्दल सांगत बसले. रात्री अंथरुणाला पाठ टेकल्यावर मात्र डोळ्यांपुढं एकच बाई येत राहिली.

बारा-तेरा वर्षं झाली. जानेवारीचे दिवस होते. बाई ऊसतोडीची. एकाआड एक दिवस हुडहुडी भरायची, मग ताप, मग घाम, मग उतार. उतार पडला की पुन्हा कोयता हातात. त्या दिवशी उभंच राहवेना म्हणून नवरा घेऊन आला. मी बोट टोचलं, काचेवर जाड आणि पातळ दोन्ही थर घेतले, रंग दिला, सुकवून तेलाच्या लेन्सखाली धरलं. फुगलेल्या तांबड्या पेशी, त्यांत बारीक ठिपके. व्हायवॅक्स जातीचा हिवताप, शंकेला जागाच नव्हती. रजिस्टर पुढं ओढलं. नाव, वय, गाव, घर क्रमांक.

घर क्रमांक म्हटल्यावर ती नवऱ्याकडं बघायला लागली. तो म्हणाला, "मॅडम, फडात हाय आमची कोपी. मोटारीच्या खोलीपाशी."

कोपी म्हणजे पाचटाची झोपडी, तिला नंबर कुठला? तो रकाना मी मोकळा सोडला.

क्लोरोक्विनचा तीन दिवसांचा डोस दिला. प्रायमाक्विन १४ दिवस घ्यायचं असतं. दोन दिवसांच्या गोळ्या हातात दिल्या आणि उरलेल्या आरोग्य सेवक कोपीवर जाऊन समोर घ्यायला लावेल असं ठरलं. तो चौथ्या दिवशी पोचला. तोवर फड तुटून टोळी पुढं गेली होती. चुलीचे तीन दगड, राख आणि पाचट. कुठल्या गावाला गेले ते शेतमालकालाही सांगता येईना.

ही १४ दिवसांची गोळी कशासाठी, ते ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते. व्हायवॅक्सचे काही परजीवी रक्तात न येता यकृतात झोपून राहतात. रक्तातले क्लोरोक्विननं मरतात, ताप जातो, माणूस म्हणतो बरा झालो. काही आठवड्यांनी, कधी महिन्यांनी झोपलेले उठतात आणि तोच ताप पुन्हा येतो. त्यासाठी नवा डास चावावा लागत नाही. त्या बाईला दोनच दिवसांच्या गोळ्या मिळाल्या, म्हणजे तिचा हिवताप आम्ही बरा केला नाही, फक्त पुढं पाठवला. त्याच शिवारातल्या एका वस्तीवर सहा आठवड्यांनी दोन काचा पॉझिटिव्ह निघाल्या. त्या तिच्यामुळंच, असं मी छातीठोकपणे म्हणणार नाही, तसं म्हणायला पुरावा लागतो. पण तेव्हापासून माझ्या मनातला तो मोकळा रकाना भरलेला नाही.

आपली पाहणी कशी चालते बघा. आरोग्य सेवक दर पंधरवड्याला घरोघर जातो, "गेल्या पंधरा दिवसांत कुणाला ताप आला होता का?" विचारतो, आला असेल तर काच घेतो. वर्षाला लोकसंख्येच्या किमान १० टक्के लोकांचं रक्त तपासलं जावं असा दंडक आहे. भेट दिली की भिंतीवर खूण, तारीख. पद्धत चांगली आहे, त्यावर माणसं राबलीत, मी त्यांच्याबरोबर काम केलंय. पण ती घराच्या नंबरावर उभी आहे. सकाळी अकराला घरी असतात म्हातारी माणसं आणि पोरं. ज्यांना डास खरोखर चावतो ते रात्री उसाला पाणी धरणारे, द्राक्षाच्या नाहीतर डाळिंबाच्या बागेत राखणीला झोपणारे, कोपीतले, वीटभट्टीवरचे, मेंढ्यांच्या वाड्याबरोबर फिरणारे. त्यांची काच त्या १० टक्क्यांत येतच नाही. दंडक पुरा होतो आणि ताप बाहेर राहतो.

आता डासाबद्दल, कारण भाचीचा मूळ प्रश्न तोच होता. आपल्याकडं खेड्यात हिवताप मुख्यतः अ‍ॅनॉफिलीस क्युलिसिफेसिस पसरवतो. गटारीच्या घाण पाण्याशी त्याला देणंघेणं नाही. त्याला लागतं स्वच्छ, थांबलेलं किंवा संथ पाणी. उजनीच्या कालव्याचं आवर्तन बंद झालं की चाऱ्यांत राहिलेली डबकी, कोल्हापुरी बंधाऱ्याखालची गळती, सीना आणि माणच्या पात्रातले वाळू उपशाचे खड्डे, वापरात नसलेली विहीर. जनावराच्या खुराच्या खड्ड्यात साठलेलं पाणीसुद्धा पुरतं. म्हणून गटारीवर धूर मारला की हिवताप आटोक्यात येईल हा समज सोडायला हवा, तिथं मरतो तो बहुतेक क्युलेक्स, हिवताप न पसरवणारा दुसरा डास.

आणखी एक. हा डास मुळात गुरांचा. माणूस त्याच्या वाट्याला कमीच येतो. तरी हिवताप टिकतो, कारण डासांची संख्या मोठी असते आणि त्यातले काही पुरेसे दिवस जगतात. "पुरेसे दिवस" हा सगळ्यातला कळीचा भाग. परजीवी डासाच्या पोटात गेल्यापासून त्याच्या लाळेत पोचायला साधारण दहा दिवस लागतात. १०० डासांतले रोज ९० टक्के जगले तर दहाव्या दिवशी ३५ उरतात. रोज ८० टक्के जगले तर ११. रोज ६० टक्केच जगले तर एकही धड उरत नाही. फवारणीचं मर्म यात आहे. सगळे डास मारायचे नसतात, त्यांना म्हातारं होऊ द्यायचं नसतं. आपल्या एप्रिल-मेच्या कोरड्या उन्हात डास फार दिवस टिकत नाही, पावसाळ्यात हवेत ओल आली की टिकतो. जुलै ते नोव्हेंबर जपायचं ते यासाठी. आणि दिवाळीच्या आगेमागे, ही जोखीम पुरती ओसरायच्या आत, ऊसतोडीच्या टोळ्या जिल्ह्यात उतरतात.

भाचीला मी दुसऱ्या दिवशी सांगितलं: डास मोज, अळ्या मोज, पण त्याआधी ज्यांच्या घराला नंबर नाही अशी माणसं मोज.

ती कशी मोजायची, हे मला नीट सांगता आलं नाही. म्हणून हा धागा. ज्यांनी असं काम केलंय किंवा ज्यांचं घर या धंद्यात आहे त्यांनी लिहा.

---

सिद्धेश्वर_पेठ | रविवार, दुपारी १२:४०

ताई, तळमळ पोचली. पण मनातलं बोलतो. सोलापुरात मलेरिया उरलाय कुठं? गडचिरोलीत आहे हे मान्य. आमच्या शहरात काही दिवसांआड पाणी येतं, घराघरांत बॅरल, हौद, रांजण भरलेले, आणि दर पावसाळ्यात डेंग्यू. माझी पुतणी त्यात आठ दिवस दवाखान्यात होती. सरकारी माणूसबळ तुटपुंजं, ते डेंग्यूवर लावायचं की चार रुग्णांच्या मलेरियावर?

---

काचपट्टी | रविवार, दुपारी ३:१५

पुतणी आता बरी आहे ना? डेंग्यूकडं दुर्लक्ष करा असं मी कधीच म्हणणार नाही. तुमच्या बॅरलमधला एडिस, म्हणजे डेंग्यूचा डास, दिवसा चावतो, घरातल्या साठवणीत वाढतो. कोरडा दिवस पाळणं, टाक्या झाकणं हे काम शहराला लागणारच.

"चार रुग्ण" या शब्दावर मात्र थांबते. १९४७ च्या सुमारास देशात वर्षाला साडेसात कोटी लोकांना हिवताप व्हायचा आणि आठ लाख मरायचे. १९५३ ला राष्ट्रीय नियंत्रण कार्यक्रम आला, १९५८ ला त्याचंच निर्मूलन कार्यक्रमात रूपांतर झालं, आणि १९६५ पर्यंत आकडा एक लाखाच्या आसपास आला. तेव्हाही लोक हेच म्हणाले, की उरलाय कुठं. १९७६ ला तो ६४ लाखांवर गेला.

श्रीलंकेचं उदाहरण तर काळजाला लागणारं आहे, कारण तिथला डास हाच, क्युलिसिफेसिस. १९३४-३५ ला तिथं पाऊस हुकला, वाहत्या नद्यांची डबकी झाली, डबक्यांत हा डास माजला आणि सुमारे ८०,००० माणसं गेली. नद्यांची डबकी म्हणजे काय, ते सीनाकाठच्या माणसाला सांगावं लागत नाही. पुढं फवारणीनं १९६३ ला अख्ख्या देशात फक्त १७ रुग्ण उरले. काम सैल पडलं. पाच-सहा वर्षांत आकडा पाच लाखांवर. नंतर त्यांनी तीसेक वर्षं चिकाटीनं एकेक रुग्णाच्या मागावर माणूस धाडला, तेव्हा कुठं २०१६ ला देश हिवतापमुक्त जाहीर झाला.

आपल्याकडं २०३० पर्यंत निर्मूलनाचं ध्येय ठरलंय. रुग्ण कमी असतात तेव्हाच एकेकाचा माग काढणं शक्य असतं. लाखांत कुणाकुणाच्या मागं जाणार?

---

सिद्धेश्वर_पेठ | रविवार, दुपारी ३:५२

१७ वरून पाच लाख हे माहीत नव्हतं. शब्द मागं घेतो. पुतणी ठणठणीत आहे.

---

पंपवाला_७८ | रविवार, सायंकाळी ६:३०

माझं वय ७८. नातू टाईप करून देतोय. मी हंगामी फवारणी कामगार होतो, मंगळवेढा, सांगोला, मोहोळ सगळं पायी नि सायकलीवर पालथं घातलंय. बादलीत डीडीटीची पावडर कालवायची, एकानं पंप मारायचा, दुसऱ्यानं नळी धरून भिंत वरून खाली, खालून वर अशी पट्ट्यापट्ट्यानं भिजवायची. दारावर तारीख टाकायची.

लोकं नको म्हणायची, त्याला कारणं होती. देवघरात येऊ नका, धान्याच्या कणगीपाशी येऊ नका, वास येतो, ढेकूण वाढत्यात. गोठ्याला मात्र कुणी ना म्हणायचं नाही, आणि डास तिथंच जास्त बसलेला असायचा.

एक चूक आमच्या वरिष्ठांच्या कधी ध्यानात आली नाही, ती सांगतो. फवारणी पावसाळ्यात व्हायची. औषध भिंतीवर दहा-बारा आठवडे टिकायला हवं. पण नवरात्र-दिवाळी आली की बायाबापड्या घर सारवायच्या, पांढरी माती लावायच्या. झालं, सगळं औषध मातीखाली गेलं. आम्ही वहीत लिहिलेलं, घर फवारलं. डास बसतोय नव्या मातीवर. मी एकदा बोललो तर "तुझं काम पंप मारायचं" म्हणाले.

ताईंना एवढंच सांगणं, की कोपीला भिंत नसते. पाचटावर औषध मारून काय राहतंय? तिथं फवारणीचा उपयोग नाही.

---

काचपट्टी | रविवार, रात्री ८:०२

काका, सारवणाची गोष्ट भाचीच्या वहीत तुमच्या शब्दांत लिहून ठेवली. फवारलेल्या घरांची टक्केवारी आणि दिवाळीनंतर औषध खरंच उघडं असलेल्या घरांची टक्केवारी, हे दोन वेगळे आकडे आहेत. दुसरा कुणी मोजत नाही.

---

जिरायती | रविवार, रात्री ९:४५

सांगोल्याकडचा आहे. आमच्याकडं डाळिंबाला शेततळी झाली, प्लास्टिक कागदाची. स्वच्छ पाणी, ऊन, थांबलेलं. तुम्ही लिहिलंय तसंच. यात होतात का अळ्या? गप्पी सोडले तर चालतील का?

---

काचपट्टी | रविवार, रात्री १०:२०

होऊ शकतात, विशेषतः कडेला शेवाळ धरलं असेल तर. गप्पी सोडा, पाणी कायम राहणाऱ्या तळ्यात ते चांगलं काम करतात. गुजरातेत खेडा जिल्ह्यात १९८३ पासून मलेरिया संशोधन केंद्राच्या लोकांनी फवारणीऐवजी गप्पी, खड्डे बुजवणं, पाणी वळवणं यावर गावंच्या गावं चालवून दाखवली होती.

पण गप्पी खुराच्या खड्ड्यात राहत नाही, आठ दिवसांत आटणाऱ्या डबक्यातही नाही. त्यामुळं शेततळं सुरक्षित झालं म्हणून शिवार सुरक्षित झालं असं धरू नका. ठिबकच्या फिल्टरपाशी, हौदाच्या ओव्हरफ्लोखाली पाणी साचतं का ते आठवड्यातून एकदा बघा. अंड्यापासून डास व्हायला उबदार हवेत आठ-दहा दिवस लागतात, म्हणून आठवड्याची फेरी चुकवू नका. आणि गप्पी नदीत, ओढ्यात सोडू नका, तिथले आपले बारके मासे मार खातात.

---

कृत्तिका_२७ | सोमवार, सकाळी ७:५०

मीच ती भाची :) आत्यानं धागा काढलाय हे आज कळलं. मला पद्धतीबद्दल विचारायचंय, इथं कुणी कीटकशास्त्राचं काम केलंय का? पुस्तकात डास गोळा करण्याच्या पाच-सहा रीती आहेत. दोन विद्यार्थिनी, एक स्कूटी आणि चार महिने एवढ्यात कुठली झेपेल?

---

डबकं_ते_डास | सोमवार, सकाळी ११:३३

मी सहा वर्षं क्षेत्रीय कीटक संग्राहक म्हणून हिंडलो, आता शाळेत शिकवतो. सगळ्या रीतींचा मोह धरू नका. दोन धरा आणि दर पंधरा दिवसांनी त्याच जागी, त्याच वेळी करा. जागा बदलली की आकडा बोलायचा बंद होतो.

पहिली, पहाटेचा संग्रह. सूर्योदयाच्या आधी पोचायचं. हातात टॉर्च आणि काचेची शोषनळी. नळीला आत बारीक जाळी आहे ना, ती तपासून घ्या, नाहीतर डास तोंडात जातो. गोठा आणि माणसांची खोली, प्रत्येकी ठरावीक वेळ, समजा १५ मिनिटं. मिळाले तेवढे डास वेळेनं भागून "एका माणसाला एका तासात किती" असा आकडा काढायचा. टॉर्च भिंतीवर तिरकी धरा. बुड वर करून, भिंतीला काटा टोचल्यासारखा कलता बसलेला तो अ‍ॅनॉफिलीस. भिंतीला समांतर, पाठीला पोक काढून बसलेला तो क्युलेक्स. डास पोत्यांच्या मागं, टांगलेल्या कपड्यांत, जुन्या जळमटांत, गव्हाणीखाली बसतो. उजेडाच्या भिंतीवर शोधणारा रिकाम्या हातानं परततो.

दुसरी, अळ्या. पांढरी डावली घ्या, साधारण ३५० मिलीची. सावली पाण्यावर पडू देऊ नका, अळ्या लगेच बुडी मारतात. हलक्या हातानं, कडेकडेनं बुडवायची. अ‍ॅनॉफिलीसची अळी पाण्याच्या पृष्ठाला समांतर, आडवी पडलेली असते. क्युलेक्स-एडिसची डोकं खाली करून तिरकी लटकते, शेपटीला श्वासनळी असते. दहा डावल्यांत किती, ते लिहायचं. शून्य आलं तरी लिहायचं. शून्य लिहायला मुलं लाजतात आणि मग कुठलं डबकं स्वच्छ होतं ते वर्षाअखेरीस कळतच नाही.

उघड्या पायावर डास बसवून पकडायची जुनी रीत आहे. ती करू नका. तुमच्या मार्गदर्शकांनी सुचवली तरी नको म्हणा.

रक्त घ्यायचं असेल तर संस्थेच्या नैतिकता समितीची परवानगी आणि माणसाची समजून दिलेली संमती लागते. तुम्ही रक्ताकडं जाऊच नका. ताप असलेला दिसला तर त्याला आशाताईकडं किंवा आरोग्य केंद्रात पोचवा, आणि काचेचा निकाल लागेपर्यंत त्याचा पाठपुरावा करा.

---

डॉ_माळरान | सोमवार, दुपारी २:१०

औषधांबद्दल दोन गोष्टी, कारण लोक वाचून स्वतःच्या मनानं गोळ्या घेतात.

प्रायमाक्विन गरोदर बाईला आणि तान्ह्या बाळाला देत नाहीत. काहींच्या रक्तात जी-सिक्स-पीडी हे द्रव्य जन्मतः कमी असतं, त्यांच्या तांबड्या पेशी या गोळीनं फुटतात. लघवी चहासारखी काळपट झाली तर गोळी तिथंच थांबवून दवाखाना गाठायचा. फाल्सिपॅरम या दुसऱ्या जातीच्या हिवतापाला उपचार वेगळा, तीन दिवसांचं आर्टेमिसिनिनचं संयुक्त औषध, सोबत प्रायमाक्विनचा एकच डोस. हे सगळं सरकारी दवाखान्यात फुकट मिळतं.

झटपट तपासणीची पट्टी फडावर सोयीची आहे, वीसेक मिनिटांत निकाल. मात्र परजीवी फार थोडे असतील तर ती चुकवते. शिवाय फाल्सिपॅरमची रेघ उपचारानंतरही काही आठवडे उमटत राहते, त्यामुळं "बरा झाला का" हे तिच्यावरून ठरवू नये. त्याला काचच हवी. ताईंसारखी तेलाच्या लेन्सखाली १०० फील्ड शांतपणे बघणारी माणसं कमी होत चाललीत, हे मला जास्त घोर लावतं.

---

मुकादमाची_लेक | सोमवार, रात्री ११:२०

हा धागा दोनदा वाचला. मी बीडची. वडील मुकादम, आई-वडील दोघं आधी कोयता होते. मी पाच वर्षांची असल्यापासून बारावीपर्यंत दर दिवाळीनंतर माळशिरस, माढा, पंढरपूरच्या फडांवर होते. आता नर्सिंगला आहे.

काचपट्टीताई, ती बाई तुमच्याकडं आली हेच मोठं आहे. एक दिवस कामाला गेलं नाही तर खाडा पडतो, पैसे कापतात, आणि आगाऊ घेतलेली उचल फिटायची असते. नवरा-बायको मिळून एक कोयता, त्यामुळं बाई पडली की दोघांचं काम अडतं. ताप आला तर मुकादमाच्या पेटीतली गोळी घ्यायची आणि मोळ्या बांधायच्या. माझ्या वडिलांच्या पेटीतही त्याच गोळ्या होत्या. त्यांना वाईट म्हणू नका, त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं.

तुमचे लोक येतात सकाळी अकराला. तेव्हा कोपीवर एखादी म्हातारी आणि लहान पोरं. आम्ही पहाटे चारला निघालेलो. रात्री गाडी भरायला आली तर बारालाही जायचं. यायचंच तर दिवस मावळताना या, भाकरी टाकायच्या वेळेला.

मच्छरदाणी वाटा म्हणणारे येतात. कोपीची उंची बघितलीय का? आत नीट उभं राहता येत नाही, दाणी बांधायला आडं नसतं. आम्ही बाहेरच झोपायचो, टायरगाडीशेजारी, बैलांजवळ. चार काठ्या रोवून बांधता येईल अशी दाणी दिली असती तर वापरली असती.

आणि नंबर नाही म्हणता, पण नंबर आहे. तुमच्या वहीत नाही एवढंच. कारखान्याशी तोडणी-वाहतुकीचा करार झाला की गाडीला कोड मिळतो. कुठली टोळी आज कुठल्या गटात, कुणाच्या फडात आहे, हे कारखान्याच्या शेतकी विभागाला रोजच्या रोज माहीत असतं. कारखान्याचा चिटबॉय फडावर येऊन उसाची चिठ्ठी फाडतो. त्याशिवाय ऊस काट्यावर जातच नाही. ऊस कुठं आहे हे ज्यांना कळतं त्यांना माणूस कुठं आहे हेही कळतं. त्या आरोग्य सेवकानं चिटबॉयला विचारलं असतं तर ती बाई दुसऱ्या दिवशी सापडली असती.

---

काचपट्टी | मंगळवार, पहाटे ५:४०

बाळा, रात्री वाचलं आणि झोप लागली नाही. ३१ वर्षं मी त्या रजिस्टरवर बसले. साखर कारखान्याची धुराडी केंद्राच्या गच्चीवरून दिसायची. चिटबॉय मुलं आमच्याकडं खोकल्याचं औषध न्यायला यायची. एकदाही त्यांना विचारावं असं सुचलं नाही. ती बाई सापडली असती.

तुला दोन गोष्टी विचारते. १४ दिवसांच्या गोळ्या एकदम हातात दिल्या तर घेतल्या जातील का? आणि मार्च-एप्रिलमध्ये टोळी गावी परतल्यावर ताप उलटला तर तिकडं काय होतं?

---

मुकादमाची_लेक | मंगळवार, दुपारी १:०५

ताप उतरल्यावर गोळी कुणी घेत नाही, हे खरं. पण कोपीवरच्या म्हातारीच्या हातात पाकीट दिलं, तिला दिवस मोजायला लावले तर घेतली जाईल. आमच्या टोळीत माझी आजी पोरांच्या जेवणापासून सगळ्यांच्या पैशांपर्यंत सगळं मोजायची. रोज एक काडी बाजूला ठेव, १४ काड्या झाल्या की बंद, असं सांगा. लिहितावाचता येत नाही म्हणून मोजता येत नाही असं नसतं.

गावी ताप उलटला तर तिकडचे लोक तो तिकडचाच धरतात. सोलापुरात काय सापडलं होतं ते त्यांना कळायला मार्ग नाही. आता सगळ्यांकडं मोबाईल आहे, निदान नंबर लिहून घ्या आणि तिकडच्या केंद्राला कळवा.

---

डॉ_माळरान | मंगळवार, सायंकाळी ७:१५

हे फार महत्त्वाचं. निर्मूलनाच्या टप्प्यावर प्रत्येक रुग्ण "इथला की बाहेरून आलेला" हे ठरवावं लागतं. चीननं एका दिवसात नोंद, तीन दिवसांत रुग्णाची चौकशी, सात दिवसांत परिसरात कारवाई असा नियम घातला होता आणि २०२१ ला तो देश हिवतापमुक्त जाहीर झाला. आपल्या फडावर तीन दिवसांत पोचायचं तर टोळीचा ठावठिकाणा त्याच दिवशी कळला पाहिजे. चिटबॉयचा मार्ग मी आमच्या तालुक्याच्या बैठकीत मांडतो.

---

कृत्तिका_२७ | बुधवार, रात्री ९:३०

प्रकल्पाचा आराखडा बदलला, मार्गदर्शकांनी होकार दिलाय. गोठ्यातला पहाटेचा संग्रह आणि चारीतल्या अळ्या राहतील, पण जागा निवडताना निम्म्या जागा कोप्यांच्या शेजारच्या. दर भेटीला दिवस मावळताना जायचं, किती कोप्या, किती माणसं, गेल्या १५ दिवसांत किती जणांना ताप, किती जणांची काच घेतली गेली, एवढंच विचारायचं. आत्या पहिल्या चार भेटींना सोबत येणार आहे. आमच्या भागातल्या शेतकी विभागाला पत्र दिलंय, उत्तराची वाट बघतेय.

अर्जाच्या नमुन्यात "घर क्रमांक" होतं, ते खोडून "घर क्रमांक किंवा टोळीचा कोड" केलंय. त्याखाली मुकादमाचा मोबाईल, मूळ गाव, तालुका, जिल्हा, आणि कोपीवर दिवसा कोण असतं त्याचं नाव.

लेकताई, अजून काही राहिलंय का?

---

मुकादमाची_लेक | बुधवार, रात्री १०:१०

पुढचा फड कुठल्या गावाला, हे विचारायला एक रकाना ठेव. दोन-तीन दिवस आधी बहुतेकांना माहीत असतं.

आणि येताना स्कूटीचा दिवा लांबूनच बारीक कर, बैल बुजतात.